टेटचा हल्ला रणांगणावर फसला, मग अमेरिकेतलं जनमत का फिरलं?

दर्यावर्दी

नमस्कार मंडळी. बरेच दिवस डोक्यात घोळणारा प्रश्न आहे, आज शेवटी टंकतोय.

१९६८ च्या जानेवारीअखेर, टेट म्हणजे व्हिएतनामी नववर्षाच्या सुट्टीत, युद्धविराम जाहीर झालेला असताना उत्तर व्हिएतनाम आणि व्हिएतकाँगच्या (दक्षिणेतले त्यांच्या बाजूचे साम्यवादी गनिम) ऐंशी हजारांच्या आसपास सैनिकांनी दक्षिण व्हिएतनाममधल्या शंभराहून जास्त गावाशहरांवर एकदम हल्ला चढवला. प्रांतांच्या ४४ राजधान्यांपैकी ३६ ठिकाणी लढाई पेटली. दक्षिणेचे निम्मे सैनिक सणासाठी घरी गेलेले. हल्लेखोरांची अपेक्षा अशी की आपण शहरात शिरलो की जनता उठाव करेल आणि सायगॉनचं, म्हणजे अमेरिकेचा पाठिंबा असलेलं दक्षिणेचं, सरकार कोसळेल. तसं काहीच झालं नाही. लोक दारं लावून घरात बसले, बहुतेक शहरं काही दिवसांत परत घेतली गेली आणि व्हिएतकाँगने वर्षानुवर्षं लपूनछपून उभी केलेली स्थानिक फळी उघड्यावर येऊन कापली गेली.

म्हणजे लष्करी हिशोबात हल्ला फसला. आणि दोन महिन्यांनी, ३१ मार्चला, अध्यक्ष लिंडन जॉन्सन टीव्हीवर येऊन सांगतात की उत्तरेच्या मोठ्या भागावरचे बॉम्बहल्ले थांबवतोय आणि मी पुन्हा निवडणुकीला उभा राहणार नाही.

मला कळत नाही ते हे. पर्ल हार्बरवर ७ डिसेंबर १९४१ ला असाच अचानक हल्ला झाला, २४०० माणसं गेली, आणि कालपरवापर्यंत युद्धात पडायचं की नाही यावर भांडणारा देश रात्रीत एक झाला. प्रतिनिधीगृहात युद्धाच्या ठरावाविरुद्ध एकच मत पडलं, जेनेट रँकिन यांचं. तोच देश २६ वर्षांनी तशाच धक्क्यानंतर उलट्या दिशेला का गेला? अचानक हल्ल्याने लोक पेटून उठतात की युद्धाला विटतात, हे नक्की कशावर ठरतं? जाणकारांनी सविस्तर लिहावं ही विनंती.

निशिगंधा

विषय आवडला. वाचनखूण साठवतेय, प्रतिसादांची वाट बघते.

खडूफळा

चांगला प्रश्न काढलात दर्यावर्दी. मी शाळेत इतिहास शिकवतो आणि माझ्या मते उत्तर हल्ल्यात नाही, हल्ल्याच्या दोन महिने आधी आहे.

१९६७ मधे युद्ध रेंगाळायला लागलं होतं, व्हिएतनाममधे जवळजवळ ५ लाख अमेरिकन सैनिक होते, तेव्हा जॉन्सन सरकारने ठरवून "आपण जिंकतोय" अशी मोहीम चालवली. २१ नोव्हेंबरला सेनापती विल्यम वेस्टमोरलंड यांना खास वॉशिंग्टनला बोलावून घेतलं आणि नॅशनल प्रेस क्लबमधे त्यांनी सांगितलं की शेवट आता दृष्टिपथात यायला लागलाय. शत्रू थकलाय, त्याला मोठा हल्ला झेपणार नाही, अशी सगळी हवा.

आणि मग ३१ जानेवारीची पहाट. सायगॉनमधल्या अमेरिकन दूतावासाच्या कुंपणाच्या भिंतीला पावणेतीनच्या सुमारास स्फोटाने भोक पाडलं गेलं. माणूस जेमतेम वाकून आत जाईल एवढं भोक. त्यातून व्हिएतकाँगचे १९ सॅपर, म्हणजे स्फोटकं हाताळणारे सैनिक, आवारात घुसले. त्यांचे म्होरके सुरुवातीलाच मारले गेले, त्यामुळे बाकीचे आवारातल्या झाडांच्या मोठमोठ्या कुंड्यांआड बसून लढत राहिले. मुख्य इमारतीत त्यांना शिरता आलं नाही. सहा तासांनी सगळं संपलं, पाच अमेरिकन सैनिक गेले. लष्करी दृष्टीने किरकोळ चकमक.

पण बातमी गेली ती "शत्रू दूतावासात शिरला" अशी, काही पहिल्या बातम्यांत तर इमारतीतच शिरला असं होतं. सकाळी नऊनंतर वेस्टमोरलंड इस्त्रीच्या गणवेशात तिथे आले आणि आजूबाजूला प्रेतं पडलेली असताना वार्ताहरांना सांगू लागले की शत्रूचा डाव फसलाय. ते खरंच बोलत होते! पण ऐकणाऱ्याच्या कानात नोव्हेंबरचं भाषण अजून ताजं होतं. जो माणूस दोन महिन्यांपूर्वी शेवट दिसतोय म्हणाला, त्याच्या आजच्या खऱ्या बोलण्यावर तरी विश्वास का ठेवायचा?

पर्ल हार्बरच्या वेळी असं वचन कोणी दिलंच नव्हतं, त्यामुळे मोडायला काही नव्हतं. सगळा राग जपानवर गेला. टेटच्या वेळी तो वाटला गेला, आणि त्यातला बराच वाटा स्वतःच्या सरकारच्या वाट्याला आला.

अरुंधती_क

खडूफळा, शेवटचा परिच्छेद फारच पटला.

गणिती

थांबा, आधी आकडे बघू. टेटने जनमत एका झटक्यात उलटवलं ही समजूतच अर्धवट आहे असं माझं मत.

गॅलप या जनमत चाचण्या घेणाऱ्या संस्थेचे लोक एक प्रश्न पुन्हा पुन्हा विचारायचे की व्हिएतनाममधे सैन्य पाठवणं ही चूक होती का. ऑगस्ट १९६५ मधे २४ टक्के लोक हो म्हणाले. ऑक्टोबर १९६७ मधे ४७ टक्के, म्हणजे चूक म्हणणारे चूक नाही म्हणणाऱ्यांच्या पुढे गेले, आणि हे टेटच्या तीन महिने आधी. टेटनंतर फेब्रुवारीत आकडा ४६ च्या आसपास, म्हणजे जवळपास तिथेच. ऑगस्ट १९६८ मधे ५३. घसरण आहे पण कडेलोट नाही. जॉन म्युलर या राज्यशास्त्राच्या अभ्यासकाने कोरिया आणि व्हिएतनाम दोन्ही युद्धांचे आकडे शेजारी ठेवून दाखवलं की पाठिंबा मृतांच्या एकूण संख्येबरोबर हळूहळू घटत जातो, सुरुवातीला जोरात आणि मग सावकाश.

दुसरी गंमत. त्या काळात लोकांना विचारायचे की तुम्ही "हॉक" की "डव्ह", म्हणजे युद्ध वाढवावं या मताचे की आवरतं घ्यावं या मताचे. टेटनंतर लगेच, फेब्रुवारीच्या सुरुवातीला, हॉक वाढले! साठीच्या घरात गेले, डव्ह पंचविशीच्या खाली आले. म्हणजे दर्यावर्दींच्या प्रश्नाचं पहिलं उत्तर असं की लोक पेटूनच उठले होते, पर्ल हार्बरसारखेच. मार्चअखेर दोन्ही गट चाळिशीच्या थोडं वर, जवळपास बरोबरीत आले. जॉन्सन युद्ध ज्या रीतीने हाताळतायत ते पसंत असणारे जानेवारीत चाळीसच्या आसपास होते, मार्चअखेर २६ टक्के.

तेव्हा प्रश्न असा विचारायला हवा की फेब्रुवारी आणि मार्च या दोन महिन्यांत काय झालं.

दर्यावर्दी

गणिती, हे मला अजिबात माहीत नव्हतं. मी सरळ धरून चाललो होतो की हल्ला झाला आणि लोक विरोधात गेले. मधे लाट उलटी पण आली होती म्हणजे.

रोखठोक

काय झालं काय, पत्रकारांनी घोळ घातला! सैन्य जिंकत होतं आणि टीव्हीवाले हरल्याचं सांगत होते. वॉल्टर क्रॉनकाइट हा त्या काळचा सगळ्यात विश्वासू वृत्तनिवेदक, त्याने २७ फेब्रुवारीला सांगून टाकलं की हे युद्ध कोंडीत अडकलंय, आता वाटाघाटी करूनच बाहेर पडा. ते ऐकून जॉन्सन म्हणाले की क्रॉनकाइट हातचा गेला म्हणजे सामान्य अमेरिकन माणूस हातचा गेला. सीमेवर जवान रक्त सांडतोय आणि स्टुडिओत बसून कोणीतरी निकाल देतोय, याचा मला मनापासून राग येतो. पीटर ब्रेस्ट्रप हे स्वतः पत्रकार, सायगॉनमधे वार्ताहर होते, त्यांनीच नंतर मोठा अभ्यास करून दाखवलं की वार्तांकन चुकलं होतं.

तळटीप

रोखठोक, ब्रेस्ट्रप यांच्याबद्दल बरोबर आहे, पहिल्या काही आठवड्यांतलं वार्तांकन गोंधळलेलं होतं हे मान्यच. पण दोन दुरुस्त्या.

जॉन्सन यांनी तो कार्यक्रम लागला तेव्हा बघितलाच नव्हता. त्या संध्याकाळी ते टेक्सासमधे ऑस्टिनला गव्हर्नर जॉन कॉनली यांच्या वाढदिवसाच्या समारंभात होते. ते वाक्य नंतर वेगवेगळ्या शब्दांत सांगितलं गेलं आणि तोंडोतोंडी पक्कं झालं.

आणि क्रॉनकाइट स्टुडिओत बसून बोलत नव्हते, स्वतः व्हिएतनामला जाऊन आले होते, ह्युए शहरात लढाई चालू असताना तिथे गेले होते. शिवाय त्यांच्या आधी चार दिवस, २३ फेब्रुवारीला, वॉल स्ट्रीट जर्नलसारख्या उद्योगजगताच्या वर्तमानपत्राने अग्रलेखात लिहिलं होतं की हा सगळा खटाटोप वाया जाण्याची मनाची तयारी ठेवा. ते काही युद्धविरोधी चळवळीचं पत्रक नव्हतं. वारा आधीच फिरला होता, क्रॉनकाइट यांनी तो घराघरात ऐकू येईल असा बोलून दाखवला.

रोखठोक

वाढदिवसाचं माहीत नव्हतं, मान्य. पण चित्रांचं काय? एक फोटो हजार भाषणांवर भारी पडला. पोलीसप्रमुख रस्त्यात एकाला गोळी घालतोय तो.

अरुंधती_क

त्या फोटोबद्दल लिहायचंच होतं. १ फेब्रुवारी १९६८, सायगॉनचा रस्ता, एडी अॅडम्स यांनी काढलेला. दक्षिण व्हिएतनामच्या पोलिसांचे प्रमुख न्गुएन न्गोक लोआन, हात सरळ लांब केलेला, समोर चौकड्याचा शर्ट घातलेला, हात मागे बांधलेला माणूस. गोळी सुटते त्याच क्षणाचं छायाचित्र आहे ते, चेहरा एका बाजूला वेडावाकडा झालाय. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा पुस्तक मिटून ठेवलं होतं.

फोटोत दिसतं तेवढंच लोकांनी पाहिलं. तो माणूस व्हिएतकाँगचा होता आणि त्याच्यावर कुटुंबंच्या कुटुंबं मारल्याचा आरोप होता, हे चौकटीच्या बाहेर राहिलं. अॅडम्स यांना पुढच्या वर्षी पुलित्झर पारितोषिक मिळालं पण त्यांना आयुष्यभर त्या फोटोचं ओझं वाटत राहिलं. लोआन पुढे अमेरिकेत व्हर्जिनियात राहायला आले, तिथे रेस्टॉरंट चालवायचे, आणि लोकांना त्यांची ओळख पटल्यावर तिथेही तो फोटो त्यांच्या मागे आला. अॅडम्स यांनी त्यांची माफी मागितली होती.

तरी मला वाटतं फोटोने लोकांना फसवलं असं म्हणणं बरोबर नाही. घरात बसलेल्या बाईला प्रश्न पडला की आपली मुलं ज्यांच्या बाजूने मरतायत ते लोक भर रस्त्यात, खटला न चालवता असं करतात, मग आपण तिथे कशासाठी आहोत? तो प्रश्न खोटा नव्हता.

सुमंत_काका

एक ऐकीव पण घरातली गोष्ट. माझे मामा त्या वर्षी अमेरिकेत इंजिनीअरिंगच्या उच्च शिक्षणाला होते. वसतिगृहाच्या हॉलमधे एक टीव्ही, संध्याकाळी बातम्यांना सगळे जमायचे. ते सांगायचे की गुरुवार सगळ्यात वाईट, कारण त्या दिवशी आठवड्यातल्या मृतांचा आकडा यायचा. पडद्यावर झेंडे आणि प्रत्येकासमोर संख्या, अमेरिकन इतके, दक्षिण व्हिएतनामी इतके, शत्रूचे इतके. शत्रूचा आकडा नेहमी सगळ्यात मोठा. फेब्रुवारीच्या मधल्या एका आठवड्यात अमेरिकनांचा आकडा ५४३ आला, सबंध युद्धातला सगळ्यात वाईट आठवडा. मामा म्हणायचे, त्या दिवशी हॉलमधे कोणी टीव्ही बंद करायला उठलं नाही, तो तसाच चालू राहिला.

त्याच महिन्यात पदवीनंतर शिकणाऱ्यांना सक्तीच्या सैन्यभरतीतून जी सवलत होती ती बहुतेकांसाठी काढून टाकली. मामांच्या खोलीतला सोबती पक्का युद्धाच्या बाजूचा, त्याचे वडील दुसऱ्या महायुद्धात लढलेले. टेटची बातमी आली तेव्हा तो म्हणाला आता हनोईला, म्हणजे उत्तर व्हिएतनामच्या सरकारला, धडा शिकवायलाच हवा. मार्चमधे वडिलांचं पत्र आलं, त्यांनी विचारलं होतं की अजून किती वर्षं लागतील हे तुला कोणी सांगितलंय का. मुलाकडे उत्तर नव्हतं. मामा म्हणायचे, पत्र वाचून झाल्यावर त्याने ते आमच्यासमोर धरलं आणि विचारलं, तुमच्यापैकी कोणाला माहितीये का.

निशिगंधा

काका, अंगावर काटा आला.

गणिती

सुमंत काका, तुमच्या मामांच्या सोबत्याची गोष्ट म्हणजे माझा आलेख एका माणसात. फेब्रुवारीत वर, मार्चमधे खाली. आणि मार्चमधलं कारणही सांगता येतं. १० मार्चला न्यूयॉर्क टाइम्सने बातमी फोडली की सैन्याने आणखी २ लाख ६ हजार माणसं मागितली आहेत. ही बातमी सामान्य माणसाने कशी वाचली असेल बघा. तुम्ही म्हणता जिंकलो, शत्रूची हजारो माणसं मारली, त्याचं कंबरडं मोडलं. मग दोन लाख माणसं आणखी कशाला?

दोनच दिवसांनी न्यू हॅम्पशायरची प्राथमिक निवडणूक, म्हणजे पक्षाचा अध्यक्षपदाचा उमेदवार ठरवण्यासाठीचं मतदान. जॉन्सन यांच्याच पक्षातले युद्धविरोधी उमेदवार युजीन मॅकार्थी यांना ४२ टक्के, खुद्द अध्यक्षांना ४९. अध्यक्ष जिंकूनही हरल्यासारखे. यात एक मेख आहे, मॅकार्थींना मत देणाऱ्या बऱ्याच जणांना युद्ध थांबवायचं नव्हतं, उलट जोरात लढून संपवायचं होतं. सगळ्यांना एवढंच माहीत होतं की आहे ते चालू द्यायचं नाही.

बुरूज

जरा अवांतर, पण हल्ला खरंच किती "अचानक" होता यावर.

अमेरिकन सेनेला काहीतरी शिजतंय याची कुणकुण होती. पण सगळ्यांचं लक्ष उत्तरेला सीमेजवळच्या खे सान तळावर. तिथे २१ जानेवारीपासून ६ हजारांच्या आसपास अमेरिकन मरीन सैनिक वेढ्यात होते. जॉन्सन यांनी व्हाइट हाउसमधे त्या तळाची वाळूची प्रतिकृती करून घेतली होती, रात्री उठून बघायचे. सेनाप्रमुखांकडून तळ टिकेल अशी लेखी ग्वाहीसुद्धा घेतली. दुसरीकडे सायगॉनजवळच्या फौजांचे प्रमुख जनरल फ्रेडरिक वेयांड यांना रेडिओ संदेशांवरून शंका आली, त्यांनी हट्ट करून जानेवारीत बऱ्याच बटालियन सीमेवरून सायगॉनच्या आसपास माघारी आणल्या. ते झालं नसतं तर राजधानीचं चित्र फार वेगळं असतं.

आणि टेटलाच हल्ला करायची युक्ती त्यांच्या इतिहासातच होती. १७८९ मधे सम्राट क्वांग त्रुंगने नेमक्या टेटच्या दिवसांत हनोईत बसलेल्या चिनी सैन्यावर झडप घालून त्यांना पळवून लावलं होतं. व्हिएतनाममधल्या शाळकरी पोराला माहीत असलेली गोष्ट.

मधुघट

अजून एक अवांतर. काही शहरांवर हल्ला ठरल्यापेक्षा एक दिवस आधीच झाला, कारण उत्तरेने त्या वर्षी दिनदर्शिका बदलली होती आणि टेटची तारीख उत्तरेत आणि दक्षिणेत एक दिवसाने वेगळी पडली. म्हणजे तिथीचा घोळ! एवढी वर्षभराची गुप्त तयारी आणि पंचांगाने घात केला 😀

निशिगंधा

हाहा, दाते की रुईकर हा वाद तिकडेही!

पाऊलखुणा

मी कामानिमित्त व्हिएतनाममधे होतो तेव्हा ह्युएला गेलो होतो. किल्ल्याच्या भिंतींवर गोळ्यांच्या खुणा अजून दिसतात, बोट आत जाईल एवढी भोकं. तिथली लढाई जवळजवळ महिनाभर चालली, घराघरातून. नंतर आसपास सामूहिक कबरी सापडल्या, २८०० च्या आसपास प्रेतं, शहर ताब्यात असताना मारले गेलेले कारकून, शिक्षक, धर्मगुरू, साधे नागरिक. आणि दुसरीकडे अमेरिकन तोफा आणि विमानांनी बरंचसं शहर जमीनदोस्त केलं.

हे लिहायचं कारण, आपण सगळे "जनमत" म्हणतोय ते फक्त अमेरिकेचं. दक्षिण व्हिएतनामच्या लोकांचं काय झालं? तोपर्यंत युद्ध खेड्यांत होतं, शहरातला माणूस त्यापासून बराचसा लांब होता. टेटने ते त्याच्या दारात आणलं. ह्युएच्या कबरींनंतर अनेकांच्या मनात उत्तरेची धास्ती बसली, सायगॉन सरकारने १९६८ मधे सार्वत्रिक लष्करभरतीचा कायदा केला आणि सैन्य वाढत गेलं. म्हणजे ज्या हल्ल्याने एका देशाला युद्धातून बाहेर पडावंसं वाटलं, त्याच हल्ल्याने दुसऱ्या देशातले बरेच लोक लढायला उभे राहिले. त्यांना बाहेर पडायला जागाच नव्हती ना.

खडूफळा

पाऊलखुणा, हा मुद्दा माझ्या उत्तरात पूर्णपणे राहून गेला होता. पर्ल हार्बरलाही तो लागू होतो, स्वतःच्या हद्दीत बॉम्ब पडल्यावर "आपण तिथे कशाला गेलो" हा प्रश्नच उरत नाही. वचनभंग आणि अंतर, दोन्ही धरायला हवं.

शून्यातला

मग १९७३ चं इस्राएल कुठे बसतं? ६ ऑक्टोबरला योम किप्पूरच्या दिवशी इजिप्तने सुएझ कालवा ओलांडला, सीरिया गोलान टेकड्यांवर चढून आला. युद्ध अगदी दारात, बाहेर पडायची सोय नाही. लोक लढले, युद्ध संपताना इस्राएलचं सैन्य कालव्याच्या पलीकडे इजिप्तच्या भूमीत होतं. तरीसुद्धा राग सरकारवर निघालाच. मोत्ती अश्केनाझी नावाचा राखीव दलातला अधिकारी, त्याची चौकी शेवटपर्यंत पडली नव्हती, तो १९७४ च्या फेब्रुवारीत एकटाच पंतप्रधान कार्यालयाबाहेर फलक घेऊन उभा राहिला. मग त्याच्यामागे हजारो आले. एप्रिलमधे पंतप्रधान गोल्डा मायर यांनी राजीनामा दिला.

पण तिथे लोक युद्धाला विटले असं सरळ म्हणता येत नाही, ते गाफील राहिलेल्या नेत्यांवर चिडले. आणि इजिप्तच्या बाजूला तर हल्ल्याने इस्राएलकडून झालेल्या १९६७ च्या पराभवाची मान खाली घालायला लावणारी सल गेली, म्हणून तर इजिप्तचे अध्यक्ष सादात १९७७ मधे जेरुसलेमला जाऊ शकले.

खडूफळा

बसतं की. १९६७ नंतर इस्राएलमधेही सांगितलं जात होतं की सुएझ कालव्याकाठची बार-लेव्ह ही तटबंदीची फळी अभेद्य आहे, अरब इतक्यात युद्ध करणार नाहीत. तेही वचनच होतं.

मधुघट

आपल्याकडच्या १९६२ आणि कारगिलबद्दलही लिहावंसं वाटतंय.

दर्यावर्दी

मधुघट, त्यावर वेगळा धागा काढा ना, इथे आलं तर दोन्हीकडे न्याय होणार नाही. मी नक्की येईन तिकडे.

मूळ प्रश्नाकडे वळतो. माझ्या डोक्यात आता असं बसलंय: धक्का बसला की लोक आधी एकत्रच येतात, ते पर्ल हार्बरलाही झालं आणि टेटलाही. मग ते सरकारकडे बघतात की आता पुढे काय. १९४१ मधे उत्तर मिळालं. १९६८ मधे जॉन्सन बराच काळ गप्प राहिले, आणि जे कानावर आलं ते दोन लाख माणसांच्या मागणीचं. चुकत असेन तर सांगा.

तळटीप

चुकत नाही, फक्त एक भर. सरकारच्या आतही हाच प्रश्न विचारला गेला. १ मार्चला क्लार्क क्लिफर्ड संरक्षणमंत्री झाले, ते युद्धाचे समर्थक मानले जायचे. त्यांनी सेनाधिकाऱ्यांना बसवून विचारलं की ही दोन लाख माणसं दिली तर पुरतील का, किती काळ लागेल, जिंकण्याची योजना काय आहे. एकाही प्रश्नाला ठाम उत्तर मिळालं नाही, आणि ते महिनाभरात फिरले. २५-२६ मार्चला जुनेजाणते सल्लागार जमले, माजी परराष्ट्रमंत्री डीन अॅचेसन वगैरे, ज्यांनी आधी पाठिंबा दिला होता त्यांच्यातल्या बहुतेकांनी आता माघार घ्या म्हणून सांगितलं. पाच दिवसांनी ते भाषण.

रोखठोक

हे वाचून माझं मत थोडं हललंय हे प्रामाणिकपणे सांगतो. पत्रकारांवरचा राग पूर्ण गेलेला नाही. पण संरक्षणमंत्र्यालाच उत्तर मिळत नसेल तर टीव्हीवाल्याला एकट्याला धरून चालणार नाही. मला एकच खुपतं की यातून हनोईला हवं ते मिळालं.

बुरूज

हवं ते म्हणजे? त्यांचेच एक सेनानी, त्रान दो, नंतर मोकळेपणाने सांगून गेले की आमचं मुख्य उद्दिष्ट दक्षिणेत उठाव घडवण्याचं होतं आणि ते साधलं नाही. अमेरिकेतल्या परिणामाचा आम्ही विचार केला नव्हता, तो नशिबाने मिळाला.

आणि तुम्ही विषय काढलाच आहे तर खे सानचं पुढचं सांगतो. ज्याची वाळूची प्रतिकृती केली, लेखी ग्वाही घेतली, तो तळ ७७ दिवस झुंजून मरीननी राखला. जुलैमधे अमेरिकन सैन्याने स्वतःच्या हाताने बंकर उडवले, धावपट्टीच्या लोखंडी पट्ट्या उचकटल्या आणि तळ सोडून दिला.

सुमंत_काका

हो, मामा सांगायचे. त्यांच्या खोलीतल्या सोबत्याच्या वर्गातला एक मुलगा तिथेच मारला गेला होता. तळ सोडल्याची बातमी आली त्या संध्याकाळी सोबत्याने मामांना एवढंच विचारलं होतं, "मग तो तिथे काय राखत होता?"